तेवढा की तेवढी

६ जानेवारी

ठमे,

पत्राच्या वर आशीर्वाद लिहायची पद्धत आहे. पण तुझ्यावरचा राग अजून उतरलेला नाही, आणि रागात दिलेले आशीर्वाद लागत नाहीत म्हणतात, म्हणून तेवढी जागा कोरी सोडली आहे. सरळ विचारते. बाबांची वेळ तू काढलीस का?

हो किंवा नाही, एवढंच कळव. कार्डावर मावेल.

तुला म्हणे तिकडे कचेरीत नोकरी लागली आहे. वेळकऱ्याची मुलगी घड्याळ बघून खुर्चीवरून उठते, हे ऐकून हसूच आलं. दहा महिन्यांत धंदा विसरली असशील तर उजळणी करून देते. गिऱ्हाईक खुर्चीत बसतं. आपण त्याचं मनगट धरतो आणि विचारतो, "कुठून?" ते सांगतं. मग विचारतो, "कुठपर्यंत?" तेही सांगतं. तेवढा वेळ आपण फिरकीवर गुंडाळून घेतो. रांगेत उभं राहिल्याचा, दाताच्या डॉक्टरकडे ताटकळल्याचा, न आलेल्या बसचा. त्याला भिजवून, मळून आपण कप घडवतो, पेला घडवतो, बटणं घडवतो. चाळीस मिनिटांच्या कपात चहा चाळीस मिनिटं वाफाळता राहतो आणि एक्केचाळिसाव्याला गार होतो. गिऱ्हाइकाला तेवढं आठवत नाही, आणि आठवावं असं त्यात काही नसतंच.

आणि आजोबांचा नियम. तो वेळ काढावा, ती वेळ काढू नये. "माझा वेळ फुकट गेला" असं माणूस म्हणतं, तो आपला माल. "माझ्यावर अशी वेळ आली" म्हणतं, ती त्याची स्वतःची. बरी असो, वाईट असो, वेळकऱ्याने तिला हात लावायचा नाही. शाळेत बाईंनी लिंग शिकवायच्या आधी आजोबांनी आपल्याला हे शिकवलं होतं. तू तेव्हा "तो वेळ, ती वेळ, ते वेळ" असं गाणं करून नाचायचीस आणि मार खायचीस.

आता ऐक. बाबांच्या आठवणीत दोन तास दहा मिनिटांची खाच आहे. तू गेलीस त्या दुपारची. त्यांना जेवण आठवतं, डोळ्याचं ऑपरेशन नुकतं झालं होतं म्हणून मी डोळ्यांत औषध घातलं तेही आठवतं, आणि त्यानंतर एकदम संध्याकाळ आठवते. मधलं काही नाही. त्यांच्या दृष्टीने तू एक दिवस बॅग उचललीस आणि निघून गेलीस. "सांगूनसुद्धा गेली नाही," असं पहिले काही महिने रोज म्हणायचे. पत्र लिहा म्हटलं तर म्हणाले, "तिला सांगावंसं वाटलं नाही, तर आपण कशाला विचारायला जावं?" आता तेही म्हणत नाहीत.

त्या दुपारी तू त्यांच्या खोलीत होतीस. दार आतून लावलेलं होतं. बाहेर आलीस ती बॅग घेऊन, आणि माझ्याकडे न बघता गेलीस. मग आणखी कोण काढणार त्यांची वेळ? भिंत?

आणि काय बोलत होतात एवढं दार लावून, तेही लिही. माझ्याबद्दल नसेल तर लिहायला हरकत नसावी.

तुझा पत्ता मला आपल्या कारखान्यातल्या पॉलिशवाल्या मावशींच्या डब्याच्या पिशवीत सापडला. म्हणजे तुमचं दोघींचं गुळपीठ आहे तर. त्यांना मी काही बोलले नाही. बघते आहे.

ताई

१५ जानेवारी

ठमे,

नऊ दिवस झाले. पत्र तुझ्याकडे दोन दिवसांत पोचतं, मी पोस्टात विचारलं. म्हणजे तू वाचलंस आणि गप्प बसलीस. जिच्या मनात काही नाही ती लगेच उत्तर देते, असा माझा आपला अनुभव.

मावशींचंही काहीतरी चाललंय. परवा त्यांनी सगळ्या टेबलांच्या खणांच्या मुठी पॉलिशला घेतल्या. कोणी सांगितलं नव्हतं. माझ्या खणाची मूठ घासून घासून त्यांचा हात दुखला. मग ती उजेडात धरली आणि मला म्हणाल्या, "अहो ताई, हिला काही केल्या चकाकी चढत नाही. कुणाच्या वेळाची आहे ही?" मी म्हटलं, "गिऱ्हाइकाने परत केलेली आहे, राहू द्या तशीच." त्या "बरं" म्हणाल्या. पण ज्या सुरात "बरं" म्हणाल्या तो सूर मला आवडला नाही. हे तुला का सांगतेय कुणास ठाऊक. तुझा काही संबंध नाही त्याच्याशी.

खरं सांगायचं ते वेगळंच आहे. समोरच्या चष्मेवाल्याकडे काल नवीन माणूस आला आहे. बाबा चष्म्याची काडी घट्ट करायला गेले, मी सोबत होते. त्याने सहज विचारलं, "मुलं किती आपल्याला?" बाबा म्हणाले, "एक. ही."

ठमे, मी त्यांच्या शेजारी उभी होते. मला वाटलं, विसरले असतील. पण बाबा विसरलेले नव्हते. त्यांनी विचार करून सांगितलं होतं. घरी येताना फाटकाशी मला म्हणाले, "काय चुकलं असेल गं माझं?"

तुला हे वाचून काही होत असेल तर ये आणि त्यांना सांग की तू त्यांच्याशी दोन तास बोलून मगच गेलीस. तुझ्या तोंडून त्यांना पटेल. माझ्या तोंडून पटणार नाही, मी सांगूही शकत नाही, त्याची कारणं आहेत. यायचं नसेल तर लिहून पाठव, मी त्यांना वाचून दाखवीन. आधी मी वाचीन, हे उघड आहे.

ते एकाहत्तर वर्षांचे आहेत. माझ्याशी भांडण असेल तर ते माझ्याशी कर.

ताई

२४ जानेवारी

ठमे,

तुझं कार्ड आलं. ना मायना, ना सही. तीन ओळी. पाठ झाल्या आहेत, तरी समोर ठेवून लिहिते. "ताई, खाच किती लांब आहे ते बाहेरून कळत नाही. ज्या माणसाची असते त्यालाही कळत नाही. फिरकीचे फेरे मोजणाऱ्यालाच कळते. दोन तास दहा मिनिटं हे तुला कुणी सांगितलं?"

सांगते. बाबा रोज दुपारी दोन वाजता आपल्या खोलीचं दार लावून घेतात आणि चार वाजून दहा मिनिटांनी उघडतात, अगदी घड्याळ लावल्यासारखे. त्यावरून मी हिशेब केला.

हे मी आत्ता रचलं. बाबा असलं काही करत नाहीत. दुपारी ते घोरतात.

चोराच्या उलट्या बोंबा, असं तुझ्या मनात आलं असेल. कार्डावर लिहिलं नाहीस, एवढा मान ठेवलास. तुझी नजर नेहमीच चांगली होती. आजोबा म्हणायचे, धाकटीला पोत दिसतो आणि थोरलीला फक्त माप दिसतं. आता मापानेच पकडली गेले, तर कुणाला दोष देऊ?

मी काढली. एकशे तीस फेरे. एक फेरा एक मिनिट.

पण कशी काढली ते ऐकून घे, मग काय म्हणायचं ते म्हण. तू गेलीस. पाच वाजता बाबा कारखान्यात आले. डोळ्यांवर ऑपरेशननंतरचा काळा चष्मा, भिंतीला हात लावत लावत. गिऱ्हाइकाची खुर्ची तेवढी रिकामी होती, तिच्यावर बसले. मी समोर. माझ्या हातात फिरकी. ते म्हणाले, "माझ्यासाठी तेवढी वेळ काढ." आता तूच सांग. गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसून वेळकऱ्याच्या मुलीला जर वेळकरी असं म्हणाला, तर तिने काय समजायचं? मला वाटलं, तू गेलीस ती वेळ त्यांना सोसवत नाहीये. बापाने मागितलं, मी दिलं. नियम मोडला, पण त्यांच्या शब्दाखातर मोडला. मावशी तिथेच होत्या, विचार त्यांना.

नको विचारूस.

त्या सांगतील की बाबा "तेवढा" म्हणाले. मावशींना मी विचारलेलं नाही, पण त्या दिवसापासून त्या माझ्याकडे ज्या नजरेने बघतात त्यावरून मला कळतं.

"माझ्यासाठी तेवढा वेळ काढ." असंच म्हणाले. मी स्वच्छ ऐकलं. तेवढा वेळ काढ, म्हणजे हातातलं काम ठेव आणि जरा माझ्याजवळ बस. हे शेंबड्या पोरालाही कळतं. मला कळलं नाही, असं मी दहा महिने स्वतःला सांगत आले. एका काना-वेलांटीवर एवढं मोठं खोटं उभं केलं.

मी त्यांचं मनगट धरलं. विचारलं, "कुठून?" त्यांना वाटलं, मी विचारतेय कुठून सांगायला सुरुवात करता. म्हणाले, "दोन वाजता ती माझ्या खोलीत आली ना, तिथून." मी विचारलं, "कुठपर्यंत?" म्हणाले, "ती गेली तिथपर्यंत सगळं सांगतो." आणि मी फिरकी फिरवायला लागले. त्यांना दिसत नव्हतं. काढणी कळत तर नाहीच, डोळा लागल्यासारखं होतं. फेरे संपले, त्यांनी मान उचलली आणि म्हणाले, "अगं, मी इथे कशाला आलो होतो?" मी म्हटलं, "चहाला."

का केलं ते विचारू नकोस असं म्हणणार होते, पण तू विचारणारच. मला भीती होती. तुम्ही दार लावून दोन तास बोललात म्हणजे मोठी खुर्ची तुला द्यायचं ठरलं असणार. कोणतं काम घ्यायचं, कोणत्या वेळाचं काय घडवायचं, ते त्या खुर्चीतून ठरतं. मी अठरा वर्षं तिच्या उजव्या हाताला बसते आहे. वाटलं, त्यांना आठवलंच नाही, तर ठरलंच नाही. तू गेलीसच होतीस. झालं.

आणि पहिल्या पत्रात लिहिलं ना, की तू माझ्याकडे न बघता गेलीस? तू माझ्या टेबलाशी थांबली होतीस. चांगली थांबली होतीस. बॅग या हातातून त्या हातात घेतलीस. मी मान वर केली नाही.

त्या एकशे तीस फेऱ्यांचा मी कप करायला घेतला, तो तीनदा तडकला. ती वेळ घडत नाही, हे आजोबांनी सांगितलं होतंच. शेवटी दाबून दाबून मूठ केली आणि माझ्याच खणाला बसवली. रोज तीस-चाळीस वेळा तिला हात लागतो.

मूठ बाबांनी स्वतःच्या हाताने फोडली तर वेळ त्यांच्याकडे परत जाते. दहा महिने मला हे माहीत आहे. मग त्यांना तुमचं बोलणं आठवेल, आणि मी काय केलं तेही कळेल. दोन्हींची धास्ती आहे, पहिल्याची जास्त. अजूनही. बघ मी कशी आहे.

चष्मेवाल्याकडचं "एक, ही" मात्र कानातून जात नाही. उद्या सांगते त्यांना.

ताई

२८ जानेवारी

ठमे,

"उद्या" म्हटलं होतं, तीन दिवस गेले. आज सकाळी सांगितलं. चहा झाल्यावर. मावशींनाही बसवून घेतलं, म्हणजे मला मधेच काही रचता येऊ नये.

खणाची मूठ काढून बाबांच्या तळहातावर ठेवली. त्यांनी अंगठा फिरवला, एकदा, दोनदा. पोत त्यांनाही कळतो, तुझ्यासारखाच. "ही माझी आहे," म्हणाले. मी हो म्हटलं. "कधीची?" मी सांगितलं. "तेवढा" आणि "तेवढी" हेही सांगितलं.  बाबा मावशींकडे बघून म्हणाले, "हातोडी आणता का जरा?"

पहिल्या घावात फुटली नाही. मूठ टेबलावरून घरंगळली. मी उचलायला वाकले तर म्हणाले, "राहू दे, मी घेतो." दुसऱ्या घावात फुटली.

गेलेली वेळ ज्या चालीने गेली त्याच चालीने परत येते. दोन तास दहा मिनिटं ते डोळे मिटून बसले. ओठ हलत होते. मी समोर बसून राहिले. गिऱ्हाईक आलं, मावशींनी परत पाठवलं. मधे एकदा बाबा खुदकन हसले, तू काहीतरी बोलली असशील. मग रुमाल काढला. मी त्यांच्या ओठांवरून माझं नाव ओळखायचा प्रयत्न करत होते, आणि ते दोन-तीनदा आलं.  तेव्हाही मी हेच बघत होते की माझ्याविरुद्ध काय बोलणं झालं.

डोळे उघडल्यावर पाणी मागितलं. मग म्हणाले, "तुझा संशय खरा होता. खुर्ची मी तिलाच देणार होतो. हात तिचा चांगला आहे. तुलाही माहीत आहे."

मी म्हटलं, "माहीत आहे." इतकी वर्षं हा शब्द तोंडातून काढायचा नाही म्हणून जीव आटवला, आणि निघाला तेव्हा काही झालं नाही.

"ती नको म्हणाली," बाबा म्हणाले. "म्हणाली, ताईला द्या. ताई माझ्या हाताखाली काम करेल हो, पण घरात माझ्याशी बोलणार नाही, आणि ते सोसण्यापेक्षा मला कारखानाच नको. मी जाते, म्हणजे तुम्हाला ठरवायला सोपं. त्यावर मी तिला म्हटलं, अगं वेडे, दोन खुर्च्या शेजारी शेजारी ठेवू, मी आजच ताईशी बोलतो. तू फक्त आठ दिवस थांब. बस स्टँडवरच्या लॉजमध्ये राहा. ताईने एकदा 'ये' म्हटलं की मी स्वतः न्यायला येतो. ती कबूल झाली. म्हणाली, तिने नुसतं 'ये' म्हणू दे, मी पळत येते."

 

तू आठ दिवस त्या लॉजमध्ये होतीस. पंधरा मिनिटांवर. बाबा येतील म्हणून. आणि बाबांना माहीतच नव्हतं की तू तिथे आहेस. नवव्या दिवशी तू काय समजलीस ते मला आता कळतं. बाबांनी विचारलं आणि ताई नाही म्हणाली, असंच ना? मला कोणी विचारलंच नाही, ठमे. विचारायला आले होते, त्यांना मी विचारू दिलं नाही.

त्या आठवड्यात मी स्टँडसमोरच्या चहावाल्याला सहा कप द्यायला गेले होते. मंगळवार होता. तू मला खिडकीतून बघितलंस का? बघितलं असशील तर तुला वाटलं असेल की मी तुझ्यासाठी आले. मी कप दिले आणि परत फिरले.

बाबा माझ्यावर रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. काचेसारखे झालेले तुकडे त्यांनी एकेक करून कागदात गोळा केले आणि मला म्हणाले, "तू माझा हात धरलास ना, तेव्हा मला वाटलं होतं, चला, आज ही ऐकेल."

ताई

३१ जानेवारी, तुझ्या घराच्या जिन्यात

ठमे,

ही चिठ्ठी पोस्टातून आलेली नाही, दाराखालून आली आहे, हे तुला दिसतंच आहे. बेल वाजवायला धीर झाला नाही. आत रेडिओ चालू आहे, म्हणजे तू घरी आहेस. की रेडिओ चालू ठेवून बाहेर गेली आहेस? घरमालकिणीने मला खालीच अडवून "कोण तुम्ही?" विचारलं, आणि मी "बहीण" म्हटल्यावर पायापासून डोक्यापर्यंत बघितलं. तू तिला काय सांगितलं आहेस कुणास ठाऊक. जे सांगितलं असशील ते बरोबर आहे.

तू "ये" ऐकायला थांबली होतीस. म्हणून लिहिते, ये. दहा महिने उशिरा लिहिते आहे आणि त्यावर काही मागत नाही. खुर्ची नाही, माफी नाही. तुझी नोकरी चांगली असेल तर तीच कर.

बाबा सोबत आहेत. पहाटेच्या बसने आलो. चार मजले त्यांना चढवत नाहीत, दोन चढले आणि दम लागला, म्हणून मी त्यांना परत खाली नेऊन शिंप्याच्या दुकानात स्टुलावर बसवलं आहे. शिंप्याने विचारलं, "कुणाकडे आलात?" तर म्हणाले, "माझी धाकटी राहते वर." दोनदा सांगितलं त्याला.

तू आधी त्यांच्याकडे जा. मी तुझ्या दारासमोर पायरीवर बसले आहे, जिना अरुंद आहे, माझ्या अंगावरून गेल्याशिवाय तुला खाली उतरता येणार नाही. मी सरकणार नाही असं नाही, पण जिने चढून पाय भरून आलेत आणि पटकन उठता येत नाहीये. तेव्हा थांबू नकोस. खुशाल ओलांडून जा.

ताई